हिप्परग्याचे मास्तर, दिल्लीतले खासदार

तेरणा नदी ओलांडून थोडे पुढे गेले की लातूर जिल्हा लागतो. तिकडच्या मुलाने बी. ए. केले की त्याच्या पदवीच्या कागदावर स्वामी रामानंद तीर्थांचे नाव येते, कारण तिकडची महाविद्यालये नांदेडच्या विद्यापीठाला जोडलेली आहेत. अलीकडच्या, म्हणजे आमच्या माकणीच्या मुलाच्या कागदावर डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव येते. दोन्ही नावे सारखीच वंदनीय आहेत. तरीही दर वर्षी निकाल लागला की मला एक गोष्ट खुपते. ज्या गावात स्वामीजींनी हातात खडू धरला ते हिप्परगा (रवा) आमच्या लोहारा तालुक्यात आहे, आणि आमच्या मुलांना हे नाव भेटते ते सतरा सप्टेंबरच्या, म्हणजे मराठवाडा मुक्तिदिनाच्या, झेंडावंदनाला, भाषणातल्या एका वाक्यात.

या तालुक्यात मी आयुष्यभर मास्तरकी केली. दर वर्षी वर्गाला विचारायचो, स्वामी रामानंद तीर्थ कोण होते? ‘स्वातंत्र्यसैनिक’ हे उत्तर लगेच यायचे. एखादी मुलगी ‘संन्यासी’ म्हणायची. ‘हेडमास्तर’ असे एकाही मुलाने कधी म्हटले नाही, ‘खासदार’ असेही नाही. मुलांचा दोष नव्हता. आम्हीच त्यांना भगव्या वस्त्रातला फोटो दाखवला आणि त्या वस्त्राच्या आधीचे आणि नंतरचे सांगायचे राहून गेले. तालुक्यातल्या दोन तरुण शिक्षकांनी ते राहिलेले काम हाती घेतले, म्हणून या पुस्तकाची प्रस्तावना लिहायला मी आनंदाने होकार दिला. मुलांसाठी आणि मोठ्यांसाठी त्यांनी हे चरित्र बेताच्या आकारात बसवले आहे.

पुस्तक हातात घेणाऱ्याला थोडी पार्श्वभूमी लागेल, ती इथे देतो.

व्यंकटेश भगवानराव खेडगीकर हे स्वामीजींचे मूळ नाव. जन्म ३ ऑक्टोबर १९०३, विजापूर जिल्ह्यातल्या सिंदगीचा. म्हणजे कानडी मुलखात जन्मलेला, मराठीत शिकलेला मुलगा. १९२० साली टिळक गेले तेव्हा त्याने आजन्म ब्रह्मचारी राहून देशाची सेवा करायचा निश्चय केला. सोळा-सतरा वर्षांच्या वयात असे निश्चय बरेच जण करतात, त्याने तो पाळला. पुढे अमळनेर, मग पुण्याचे टिळक महाराष्ट्र विद्यापीठ. तिथून एम. ए. झाल्यावर तो कामगारांचे पुढारी ना. म. जोशी यांच्या हाताखाली कामाला लागला. जोशी तेव्हा दिल्लीच्या मध्यवर्ती कायदेमंडळात कामगारांच्या वतीने बसत. विधेयक कसे मांडतात, दुरुस्ती कशी सुचवतात, आकडे कसे गोळा करतात, हे या तरुणाने तिथे जवळून पाहिले असणार. आपण स्वामीजींना ‘खासदार झालेले शिक्षक’ म्हणतो, पण क्रम नीट पाहिला तर कायदेमंडळाची ओळख आधीची आहे आणि शाळा नंतरची. दिल्ली-मुंबईचे ते जग सोडून १९२९ साली हा माणूस हिप्परग्याला आला. वीज नाही, सडक नाही, निजामाच्या राज्यातला एक कोपरा. मला या चरित्रातली सगळ्यांत मोठी घटना हीच वाटते.

हिप्परग्याची राष्ट्रीय शाळा १९२१ ची. व्यंकटराव देशमुख आणि अनंतराव कुलकर्णी यांनी ती काढली. असहकाराच्या दिवसांत ब्रिटिश मुलखात अशा शाळा पुष्कळ निघाल्या आणि त्यातल्या पुष्कळ बंदही पडल्या. निजामी राज्यात मात्र अशी शाळा चालवणे ही वेगळीच गोष्ट होती, आणि ती का, हे आजच्या वाचकाला फोड करून सांगावे लागेल.

हैदराबाद संस्थानात सोळा जिल्हे होते. आठ तेलुगू, पाच मराठी, तीन कानडी. बहुसंख्य प्रजेची भाषा या तिन्हींपैकी एक, आणि दरबाराची, कचेरीची, वरच्या शिक्षणाची भाषा उर्दू. १९१८ साली उस्मानिया विद्यापीठ निघाले. देशी भाषेतून उच्च शिक्षण देणारे ते पहिलेच मोठे विद्यापीठ, आणि भाषांतराचे जे काम तिथे झाले ते खरोखर थोर आहे. पण ती देशी भाषा उर्दू होती. आमच्या भागातल्या शेतकऱ्याच्या पोराला ती घराबाहेरची. उर्दूशी कुणाचे वैर नव्हते. आमच्या बोलीत आजही तहसील, जमाबंदी, शिरस्ता हे शब्द सुखाने नांदतात. अडचण अशी होती की ज्या पोराने घरी फक्त मराठी ऐकली त्याला कागद वाचता येत नसे, अर्ज लिहिता येत नसे, आणि कागदावर अंगठा उठवून तो मोकळा होई. खाजगी शाळा काढायची तर सरकारची परवानगी, सभा घ्यायची तर परवानगी. ‘गश्ती निशान ५३’ हे शब्द त्या काळातल्या माणसांच्या तोंडी शिवीसारखे होते. त्या हुकमाने साधी सभासुद्धा संशयाची ठरत असे. जिथे राजकीय पक्ष काढता येत नव्हता, तिथे मराठी शाळा, वाचनालय आणि गणेशोत्सव हेच राजकारण झाले. मास्तर गावाचा पुढारी होता, कारण दुसरे कुणी व्हायची सोयच नव्हती.

असे फक्त इथेच घडले, असे नाही. युरोपच्या मध्यावर स्लोव्हाक नावाचा डोंगराळ भागातला शेतकरी समाज आहे. पहिले महायुद्ध संपेपर्यंत तो हंगेरीच्या राज्यात होता. १८७४-७५ मध्ये हंगेरीच्या सरकारने स्लोव्हाक भाषेतली तिन्ही माध्यमिक विद्यालये बंद केली, आणि १९०७ साली आप्पोनी या शिक्षणमंत्र्याच्या कायद्याने गावातल्या प्राथमिक शाळांतही हंगेरियन भाषेची सक्ती वाढवली. अशा समाजात पुढारी कोण होणार? गावातला पाद्री आणि गावातला शिक्षक. युद्धानंतर त्या लोकांना नव्या देशाच्या संसदेत जागा मिळाली तेव्हा शाळामास्तर तिथे जाऊन बसले, यात मला काही नवल वाटत नाही. ज्या मुलखात भाषा हाच तंट्याचा विषय असतो, तिथे शिक्षकाचा पेशा आपोआप सार्वजनिक होतो. ओळख हिप्परग्याची असली की दूरच्या देशाचा इतिहासही ओळखीचा वाटू लागतो.

स्वामीजी हिप्परग्याला मुख्याध्यापक झाले. संन्यासाची दीक्षा त्यांनी इथे असतानाच घेतली, व्यंकटेश खेडगीकरांचे स्वामी रामानंद तीर्थ झाले ते इथेच. संन्यास घेतल्यावर माणूस वस्ती सोडतो असा आपल्याकडचा समज आहे. यांनी संन्यास घेतला आणि ते पुन्हा शाळेतच आले. घर, संसार, जमीन यांची ओढ सुटली की माणूस पूर्ण वेळ मुलांना देऊ शकतो, हा त्यामागचा हिशेब असावा. मला तो पटतो. भगवी कफनी ही त्यांच्या बाबतीत नोकरीची अट होती, नोकरीतून सुटका नव्हती.

याच शाळेत आणखी एक शिक्षक होते, रामचंद्र गोविंद परांजपे. मराठवाडा त्यांना बाबासाहेब परांजपे म्हणून ओळखतो. या पुस्तकाचे लेखक त्यांना दोन प्रकरणे देतात. मी असतो तर चार दिली असती. लेखकांनी हे मनावर घ्यावे, म्हणून मुद्दाम लिहून ठेवतो. स्वामीजींच्या नावाने विद्यापीठ आहे, अंबाजोगाईचे वैद्यकीय महाविद्यालय आहे. बाबासाहेबांचे नाव आज हिप्परग्याच्या आसपासही क्वचित ऐकू येते.

१९३५ साली दोघेही मोमिनाबादेला, म्हणजे आजच्या अंबाजोगाईला गेले आणि तिथल्या योगेश्वरी विद्यालयात शिकवू लागले. हिप्परग्याला चांगले शिक्षक मिळाले आणि टिकले नाहीत, हे आमच्या तालुक्याचे जुने दुखणे आहे. पण अंबाजोगाईचा फायदा झाला हे मान्य करायला हवे. त्या शाळेतून पुढच्या लढ्याला कार्यकर्त्यांची एक फळीच मिळाली. १९३७ साली परतूरला संस्थानातल्या मराठी भागाची महाराष्ट्र परिषद भरली, दुसऱ्या वर्षी लातूरला. लातूर तेव्हा आमच्याच उस्मानाबाद (आताच्या धाराशिव) जिल्ह्यात होते, वेगळा जिल्हा १९८२ मध्ये झाला. १९३८ साली हैदराबाद स्टेट काँग्रेसवर ती नीट उभी राहायच्या आधीच बंदी आली, ऑक्टोबरात सत्याग्रह सुरू झाला, आणि स्वामीजी शाळा सोडून तुरुंगात गेले. वर्गात ते परत आले नाहीत.

त्यानंतरची दहा वर्षे मी भराभर ओलांडतो. ती सर्वांना माहीत आहेत, आणि स्वामीजींनी स्वतः इंग्रजीत लिहिलेल्या आठवणी १९६७ साली प्रसिद्ध झाल्या आहेत. पुन्हा पुन्हा तुरुंगवास, १९४६ मध्ये बंदी उठणे, १५ ऑगस्ट १९४७ ला हैदराबादेत तिरंगा लावल्याबद्दल अटक, सुटका, आणि जानेवारी १९४८ मध्ये पुन्हा अटक. बाहेर करोडगिरी (जकात) नाक्यांवर हल्ले होत होते, शिंदीची झाडे तोडली जात होती, लातूरचा वकील कासिम रझवी निजामाच्या बाजूने लढणाऱ्या रझाकारांचा सेनापती झाला होता. १३ सप्टेंबर १९४८ ला भारतीय फौज सोलापूरकडून आत आली आणि पहिल्याच दिवशी नळदुर्ग तिच्या हाती आले. पाच दिवसांत सगळे संपले.

पण त्या पाच दिवसांनंतरचे जे झाले ते या पुस्तकात आले पाहिजे, असा आग्रह मी धरला, आणि लेखकांनी तो मान्य केला. पंडित नेहरूंनी पाठवलेल्या सुंदरलाल समितीने त्या वर्षीच्या अखेरीस संस्थानात फिरून पाहणी केली. या फौजी कारवाईच्या, म्हणजे ‘पोलिस कारवाई’च्या, काळात आणि नंतर राज्यभरात किमान २७ ते ४० हजार माणसे मारली गेली, आणि त्यांत मुसलमान बहुसंख्य होते, असा तिचा अंदाज आहे. सर्वांत जास्त झळ बसलेले चार जिल्हे तिने नावाने सांगितले: उस्मानाबाद, गुलबर्गा, बिदर आणि नांदेड. रझाकारांनी केलेले अत्याचार आपण मुलांना शिकवतो आणि शिकवायलाच हवेत. पण त्याआधीही आणि त्यानंतरही या गावांतले मुसलमान आमचे शेजारी होते. वडीलधाऱ्यांनी या विषयावर आयुष्यभर तोंड उघडले नाही. त्यांच्या गप्प बसण्याचे दुःख मी लहानपणी पाहिले आहे, तेव्हा त्याचा अर्थ कळत नव्हता.

या चार जिल्ह्यांपैकी गुलबर्गा हा पुढे स्वामीजींचा मतदारसंघ झाला. १९५२ साली पहिली सार्वत्रिक निवडणूक झाली तेव्हा ते गुलबर्ग्यातून काँग्रेसचे खासदार म्हणून निवडून आले. जखम भरायला चारही वर्षे झाली नव्हती. अशा ठिकाणी मते मागायला संन्याशाने जावे, हे मला अर्थपूर्ण वाटते. मंत्रिपद त्यांनी कधीच घेतले नाही. हैदराबादच्या काँग्रेसमध्ये त्यांचा एक गट होता आणि बूर्गुल रामकृष्ण राव यांचा दुसरा. मुख्यमंत्री बूर्गुल झाले. लढ्याचा सेनापती सत्तेच्या खुर्चीपासून लांब राहिला, आणि याचे कुणाला किती दुःख झाले याची चर्चा त्या काळी खूप झाली असेल. ज्याने आयुष्यभर दुसऱ्याची मुले शिकवली, त्याला दुसऱ्याला पुढे जाताना पाहण्याची सवय असते, एवढेच मी म्हणतो.

इथे माझ्या आवडत्या गोष्टीशी येतो. त्याच निवडणुकीत बीडमधून निवडून आले ते रामचंद्र गोविंद परांजपे, हिप्परग्याचे आणि अंबाजोगाईचे बाबासाहेब. पण काँग्रेसकडून नाही. संस्थान मुक्त झाल्यावर डाव्या विचाराच्या अनेकांनी काँग्रेस सोडली. गोविंदभाई श्रॉफ त्यांतले एक, तेही पूर्वाश्रमीचे शिक्षक. बाबासाहेबही बाहेर पडले, आणि पीपल्स डेमोक्रॅटिक फ्रंटच्या तिकिटावर उभे राहिले. कम्युनिस्ट पक्षावर तेव्हा हैदराबादेत बंदी होती, म्हणून डाव्यांनी ही आघाडी करून निवडणूक लढवली. नलगोंड्याहून तिचे रावी नारायण रेड्डी खुद्द नेहरूंपेक्षा जास्त मते घेऊन आले, यावरून तिचे बळ कळेल.

म्हणजे पहिल्या लोकसभेत एका खेड्यातल्या एका शाळेचे दोन शिक्षक बसले होते, एक सरकारी बाकांवर, एक विरोधी बाकांवर. ज्यांनी एकाच शाळेत एकाच मुलांच्या वह्या तपासल्या, ते आता समोरासमोर होते. माझ्या मते हिप्परग्याच्या शाळेची खरी परीक्षा इथे होते आणि ती त्यात उत्तीर्ण होते. शाळेने दोघांना एका सुरात बोलायला शिकवले नव्हते. मुलखाच्या भल्यासाठी बोलायला शिकवले होते.

आणि एका प्रश्नावर दोघांचे तोंड एकाच दिशेला होते. हैदराबाद राज्य भाषेप्रमाणे मोडावे, तेलुगू भाग तेलुगूंकडे, मराठी मराठींकडे, कानडी कानडींकडे जावा, ही मागणी स्वामीजींनी काँग्रेसमध्ये राहून लावून धरली, आणि डाव्या आघाडीचीही तीच मागणी होती. ही मागणी करणे स्वामीजींना सोपे नव्हते. नेहरूंचा कल बराच काळ हैदराबाद एकसंध ठेवण्याकडे होता. ज्या राज्याला मुक्त करायला दहा वर्षे तुरुंगाची वारी केली, तेच राज्य नकाशावरून पुसा म्हणणे, आणि तेही स्वतःच्या पक्षश्रेष्ठींना! पण हिप्परग्यातून पाहिले तर यात विसंगती काही नाही. शाळेत मुलाला त्याच्या भाषेत शिकवायचे आणि कचेरीत त्याला परक्या भाषेत उभे करायचे, हे किती दिवस चालेल? भाषावार प्रांत ही त्या शाळेचीच पुढची इयत्ता होती, असे मी मानतो. हा माझा अर्थ आहे. वाचकाने पुस्तक वाचून आपला लावावा.

राज्य पुनर्रचना आयोग डिसेंबर १९५३ मध्ये नेमला गेला, आणि १ नोव्हेंबर १९५६ ला हैदराबाद राज्य संपले. मराठवाडा मुंबई राज्यात आला. बिदर जिल्ह्यातले उदगीर, अहमदपूर, निलंगा हे तालुके आमच्या उस्मानाबादला जोडले गेले. गुलबर्गा म्हैसूर राज्यात गेले. मागणी मान्य झाली आणि मागणाऱ्याचा मतदारसंघच त्याच्या हातून गेला. १९५७ साली स्वामीजी औरंगाबादेतून उभे राहिले आणि निवडून आले. पश्चिम महाराष्ट्रात संयुक्त महाराष्ट्र समितीच्या लाटेत काँग्रेसची दाणादाण उडाली, त्या वर्षीची ही गोष्ट. कानडी मुलखात जन्म, मराठी शाळेत मास्तरकी, कानडी भागातून एकदा आणि मराठी भागातून एकदा खासदारकी, आणि अखेर २२ जानेवारी १९७२ ला तेलुगू हैदराबादेत देह ठेवला. बेगमपेठेत त्यांची समाधी आहे. भाषेप्रमाणे राज्ये करा म्हणणारा हा माणूस स्वतः तिन्ही भाषांच्या शिवेवर राहिला. ज्याला शेजाऱ्याची भाषा येते, त्यालाच शेजाऱ्याच्या भाषेचा हक्क कळतो.

१९६२ नंतर त्यांनी निवडणुका सोडल्या. शिक्षण, खादी, भूदान यांत उरलेली वर्षे गेली. नांदेड एज्युकेशन सोसायटी आणि तिचे पीपल्स कॉलेज १९५० चे, म्हणजे खासदार व्हायच्या दोन वर्षे आधीचे. दिल्लीला जायच्या आधी त्यांनी मागे एक कॉलेज सुरू करून ठेवले होते. त्यांना गुरू मानणारे पी. व्ही. नरसिंह राव १९९१ साली पंतप्रधान झाले, ते पाहायला स्वामीजी नव्हते.

या पुस्तकाच्या लेखकांना सर्वांत जास्त कष्ट पडले ते हिप्परग्याच्या प्रकरणाला, आणि त्याचे कारण बाहेरच्या वाचकाला ठाऊक नसेल. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे, चार वाजायला काही मिनिटे असताना जो भूकंप झाला त्याला जग किल्लारीचा भूकंप म्हणते. शेजारचे सास्तूर त्यात जमीनदोस्त झाले. आमच्या माळवदाच्या भिंती दगडमातीच्या, दोन-दोन हात रुंद. त्या भिंतींतल्या कोनाड्यांत, देवळ्यांत, लाकडी पेट्यांत जुनी पत्रे, वह्या, शाळेचे फोटो असायचे. माणसे गेली तिथे कागदांचे दुःख कोण करणार? पण दोन्ही गेली. हिप्परग्याच्या शाळेत शिकलेल्या कुणा आजोबांची वही या ढिगाऱ्यांत असेल, असे मला अजून वाटते. जे छापील पुस्तकांत आहे, ते मिळाले. जे गावात होते, त्यातले थोडे मिळाले. म्हणून या प्रकरणात कुठे पान अर्धे रिकामे वाटले, तर त्या जागी लेखकांनी काही रचून भरले नाही, हे लक्षात ठेवून वाचावे.

वाचकाला एक सुचवतो. चरित्र पहिल्या पानापासून न वाचता आधी हिप्परग्याचे प्रकरण वाचा, मग थेट १९५२ च्या निवडणुकीचे, आणि मधला लढा नंतर. शिक्षकांनी वर्गात वाचून दाखवायचे असेल तर बाबासाहेब परांजप्यांची दोन प्रकरणे वगळू नयेत. आणि लोहाऱ्याच्या बाजूने जाणे झाले तर हिप्परग्याला थोडा वेळ थांबावे. माकणीचे धरण बघायला येणारे पुष्कळ असतात, त्यांना वाट वाकडी करायला फार वेळ लागणार नाही.

माकणी, ता. लोहारा, जि. धाराशिव